वाचकांचे प्रश्न : एका पोलिश अधिकाऱ्याचे सेवापुस्तक

मागील अंकात कोल्हापूरजवळच्या वळिवडे येथील पोलिश निर्वासितांच्या छावणीवर लेख होता आणि त्यात युझेफ श्व्यात्वो या पोलिश गुप्त पोलीस अधिकाऱ्याचा ओझरता उल्लेख आला होता. उल्लेख एका वाक्याचा होता. पत्रे मात्र त्या वाक्यावरच आली. त्यांतली चार येथे घेतली आहेत. एका वाचकाने 'पोलिश अधिकारी' हा मुद्रणदोष समजून 'पोलीस अधिकारी' अशी दुरुस्ती सुचवली आहे. तिची गरज नाही, कारण या गृहस्थाच्या बाबतीत दोन्ही शब्द बरोबर आहेत.

प्रश्न : मी एकतीस वर्षे जिल्हा पोलीस दलात काढली, त्यांतली नऊ गोपनीय शाखेत. सभा कोठे झाली, कोण काय बोलले, माणसे किती होती, हे लिहून वर पाठवायचे, एवढेच आमचे काम असे. सरकारे बदलली, वही तीच राहिली. आपण उल्लेखलेला अधिकारी भरती कसा झाला, त्याला बढत्या कशाच्या जोरावर मिळाल्या आणि एवढा वर चढलेला माणूस पळून का गेला? त्याचे सेवापुस्तक हाती आले, तर त्यात काय दिसेल?
— एक निवृत्त सहायक पोलीस उपनिरीक्षक, चोपडा

उत्तर : आपण सेवापुस्तक हा शब्द वापरलात, त्यामुळे उत्तर त्याच क्रमाने देतो.

पहिले पान नाव आणि जन्मतारखेचे असते. येथे पहिली खाडाखोड त्याच पानावर आहे. जन्म १ जानेवारी १९१५, गाव झ्बाराझजवळचे मेदिन. ते गाव तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते, दोन महायुद्धांच्या दरम्यान पोलंडमध्ये होते आणि आज युक्रेनमध्ये आहे. जन्मनाव इझाक फ्लाइशफार्ब. घर ज्यू, शिक्षण बेताचे. तरुणपणीच तो कम्युनिस्ट युवक संघटनेत गेला आणि त्यापायी त्याला अटकही झाली. म्हणजे पुढे ज्याने हजारोंच्या कोठड्यांचे दरवाजे लावले, त्याने कोठडी आधी आतून पाहिली होती.

१९३९ मध्ये तो पोलिश सैन्यात होता. जर्मनांच्या कैदेतून सुटून तो पूर्वेकडे, सोव्हिएत फौजांनी व्यापलेल्या भागात गेला आणि तेथून त्याची रवानगी सोव्हिएत संघाच्या अंतर्भागात झाली. वळिवड्याला आलेली कुटुंबेही अशाच हद्दपारीतून बाहेर पडली होती. १९४१ मध्ये पोलिश सरकार आणि सोव्हिएत संघ यांच्यात झालेल्या करारानंतर जे सुटले, त्यांतले पुष्कळ जण जनरल आंदेर्स यांच्या सैन्याबरोबर १९४२ मध्ये इराणमार्गे निघाले आणि त्यांच्यापैकी काही बायकामुले पंचगंगेच्या काठी येऊन राहिली. श्व्यात्वो मागे राहिला. १९४३ मध्ये सोव्हिएत भूमीवर, सोव्हिएत देखरेखीखाली तादेउश कोश्च्युश्को यांच्या नावाची पोलिश डिव्हिजन उभी राहिली, तीत तो भरती झाला. मागील लेखात त्याचे नाव आले ते याच कारणाने.

आता भरतीचा प्रश्न. १९४४-४५ मध्ये सोव्हिएत फौजांच्या पाठोपाठ पोलंडमध्ये नवे सरकार आले आणि सार्वजनिक सुरक्षा मंत्रालय नावाचे खाते उभे राहिले. लोक त्याला 'बेझ्प्येका' म्हणत आणि त्याच्या माणसाला 'उबेक'. दोन्ही शब्द पोलिश भाषेत आजही शिवीच्या जवळचे आहेत. परीक्षा, शारीरिक चाचणी, गुणवत्ता यादी असे काही नव्हते. बहुतेकांचे शिक्षण प्राथमिक शाळेपलीकडे गेलेले नव्हते. पहिली तुकडी सोव्हिएत संघातील कुइबिशेव्ह येथे शिकून आली, पुढची प्रशिक्षणे वुज शहरात सुरू झाली, आणि प्रत्येक महत्त्वाच्या कार्यालयात सोव्हिएत सल्लागार बसलेला असे. पात्रता एकच होती, ती म्हणजे विश्वास. जुना कम्युनिस्ट, डिव्हिजनमधून आलेला आणि पोलंडमध्ये ज्याचे फारसे कोणी उरलेले नाही असा माणूस या खात्याला सर्वांत सोयीचा होता. १९५३ पर्यंत खात्याचे पगारी मनुष्यबळ सुमारे ३३ हजारांवर गेले, बातमीदार वेगळे.

श्व्यात्वोच्या सुरुवातीच्या नेमणुका जिल्ह्याजिल्ह्यांतल्या होत्या, आपल्याकडच्या भाषेत 'फिल्ड'च्या. ओल्श्तिन, क्राकुफ आणि वॉर्सा येथील प्रांतिक कार्यालयांत त्याने उपप्रमुख म्हणून काम केले. नाझींशी लढलेल्या भूमिगत 'होम आर्मी'चे सैनिक शोधून पकडणे, विरोधी पक्ष मोडणे, हे त्या काळातले काम. हात उचलण्याबद्दल त्याची ख्याती होती आणि ती त्याच्या बढतीच्या आड आली नाही.

१९४८ पासून तो मंत्रालयात आला, आणि खरी गोष्ट तेथून सुरू होते. आधी 'विशेष कक्ष', मग त्याचा विस्तार होऊन १९५१ मध्ये झालेला 'दहावा विभाग'. विभागप्रमुख आनातोल फेयगिन, आणि उपप्रमुखांत श्व्यात्वो, हुद्दा लेफ्टनंट कर्नल. आपण नऊ वर्षे विरोधकांच्या आणि मोर्चेवाल्यांच्या सभा टिपल्या असतील. दहाव्या विभागाची वही सत्ताधारी पक्षाच्याच लोकांवर होती. पक्षात शिरलेला 'शत्रू' शोधायचा, हे अधिकृत काम. त्यासाठी मंत्री, केंद्रीय समितीचे सदस्य, सेनापती यांच्या जुन्या ओळखी, युद्धकाळातले दिवस, नातेवाईक, बायका, पैसे या सगळ्यांचे कागद जमवायचे. आपल्याकडे वरिष्ठ कनिष्ठाचा गोपनीय अहवाल लिहितो. येथे उलट होते; लेफ्टनंट कर्नल हुद्द्याचा माणूस ज्यांच्यापुढे टाच आपटून उभा राहायचा, त्यांचेच गोपनीय अहवाल त्याच्या कपाटात होते. पक्षप्रमुख बोलेस्वाफ बिएरुत यांना हे हवे होते, कारण मॉस्कोहून उद्या कोणाचे नाव मागितले जाईल याचा नेम नव्हता.

दोन अटकांवरून त्याच्या कामाची जात कळते. ऑगस्ट १९४९ मध्ये हर्मन फिल्ड नावाचा अमेरिकन वास्तुविशारद, प्रागमध्ये बेपत्ता झालेल्या आपल्या भावाचा शोध घेत वॉर्सात आला होता. परतीच्या विमानासाठी तो विमानतळावर पोचला आणि तेथेच श्व्यात्वोने त्याला ताब्यात घेतले. विमान त्याच्याविना गेले. मिएदझेशिन या वॉर्साच्या उपनगरात झाडीतला एक साधा बंगला होता. त्याच्या तळघरात हा माणूस पाच वर्षे होता आणि तो जिवंत आहे की नाही हे त्याच्या बायकोलाही ठाऊक नव्हते. भाऊ नोएल त्या वेळी बुडापेस्टच्या कोठडीत होता, आणि त्याची चौकशी करायला श्व्यात्वो तेथेही जाऊन आला होता. एका भावाला दुसऱ्याचा पत्ता सांगू शकेल असा बहुधा तोच एक मनुष्य होता.

दुसरी अटक २ ऑगस्ट १९५१ ची. व्वादिस्वाफ गोमुल्का हे काही काळापूर्वीपर्यंत पक्षाचे सरचिटणीस होते. मॉस्कोची री ओढण्यात कमी पडले म्हणून बाजूला सारले गेले होते. क्रिनित्सा या थंड हवेच्या ठिकाणी ते पत्नीसह विश्रांतीला गेले असताना श्व्यात्वो स्वतः तेथे गेला आणि दोघांना मोटारीत घालून घेऊन आला. त्यांनाही मिएदझेशिनलाच ठेवले. खटला भरण्यासाठी कागद रचले जात राहिले, पण खटला उभा राहिला नाही. हंगेरीत राइक आणि चेकोस्लोव्हाकियात स्लान्स्की या तिथल्या कम्युनिस्ट नेत्यांना फासावर चढवले गेले, पोलंडमध्ये गोमुल्का वाचले. यात बिएरुत यांच्या दिरंगाईचा वाटा होता असे मानले जाते. सरकारी दिरंगाईने एखाद्याचा जीव वाचल्याचे उदाहरण म्हणूनही ते लक्षात ठेवण्यासारखे आहे.

आता पळण्याचे कारण. ५ मार्च १९५३ रोजी स्टालिनचा मृत्यू झाला. जूनमध्ये सोव्हिएत सुरक्षाखात्याचा सर्वेसर्वा बेरिया पकडला गेला. त्याआधी जानेवारीतच हंगेरीच्या सुरक्षाखात्याचा प्रमुख गाबोर पेटर आत गेला होता. ज्याने इतरांचे शेवट लिहिले, त्याला स्वतःचा शेवट वाचता येत नव्हता असे म्हणता येणार नाही. गोमुल्का सुटले तर जबाब द्यावा लागणार होता, न सुटले तर जास्त माहिती असलेला माणूस म्हणून काटा काढला जाणार होता. विवेकबुद्धी जागी झाल्याची कोणतीही खूण मला या सेवापुस्तकात आढळत नाही. हिशेब मात्र चोख दिसतो.

डिसेंबर १९५३ मध्ये तो फेयगिनबरोबर सरकारी कामासाठी पूर्व बर्लिनला गेला. भिंत अजून बांधलेली नव्हती, ती १९६१ ची. शहराच्या पूर्व भागातून पश्चिम भागात लोकलने जाता येत असे. ५ डिसेंबरला दोघे पश्चिम भागात खरेदीला गेले. गर्दीत साहेब मागे राहिले आणि दुय्यम अधिकारी नाहीसा झाला, तो थेट अमेरिकन अधिकाऱ्यांपुढे उभा राहिला. सेवापुस्तकातली शेवटची नोंद 'विनापरवानगी गैरहजर' अशी पडायला हवी होती. प्रत्यक्षात पोलिश सरकारने अनेक महिने त्याविषयी चकार शब्द काढला नाही.

प्रश्न : आमच्या गावात पारावर हा अंक वाचून दाखवला. सगळे ऐकून झाल्यावर एका म्हाताऱ्या आबांनी एवढेच विचारले, "तो कोना मानूस व्हता?", म्हणजे कोणाचा माणूस होता? उत्तर कोणालाच देता आले नाही. तो आधीपासून अमेरिकेचाच हस्तक होता काय? त्याला गद्दार म्हणावे की त्याने देशाचे भले केले म्हणावे?
— एक वाचक, तालुका पारोळा

उत्तर : आबांचा प्रश्न वॉर्सातही त्या हिवाळ्यात विचारला गेला असणार. तो अनेक वर्षांपासून अमेरिकेचा हेर होता आणि त्याने मुद्दाम कम्युनिस्टांकरवी कम्युनिस्टांचे हत्याकांड घडवून आणले, असे एक चटकदार कथानक पुढे बराच काळ फिरत राहिले. त्याला कागदोपत्री आधार मिळालेला नाही. असल्या कथानकांचे एक वैशिष्ट्य असते, त्यात सगळे काही कोणीतरी दूर बसून ठरवलेले असते आणि जवळच्या माणसांच्या भित्रेपणाला, लालसेला जागाच उरत नाही. तो कोणाचा होता, तर १९५३ पर्यंत बिएरुत यांचा आणि त्यांच्या मागे उभ्या असलेल्या सोव्हिएत सल्लागारांचा होता, त्यानंतर अमेरिकनांचा झाला, आणि दोन्ही काळांत सर्वांत आधी स्वतःचा होता.

चोपड्याच्या साहेबांना ठाऊक असलेला एक शब्द येथे गद्दारापेक्षा अधिक नेमका आहे : माफीचा साक्षीदार. गुन्ह्यात स्वतः सामील असलेला, शिक्षा टळावी म्हणून साथीदारांची नावे सांगणारा. त्याच्या साक्षीला आपली न्यायालये फेकून देत नाहीत, पण तिला इतर पुराव्याची पुष्टी मागतात. श्व्यात्वोच्या साक्षीला तोच नियम लावला, तर काय उरते ते पाहू.

अमेरिकेने त्याला आश्रय दिला आणि २८ सप्टेंबर १९५४ रोजी तो पत्रकारांपुढे आला. त्याच सुमारास म्युनिकहून चालणाऱ्या 'रेडिओ फ्री युरोप'च्या पोलिश विभागाने त्याच्या आवाजात एक मालिका सुरू केली; सुरक्षाखाते आणि पक्ष यांच्या पडद्यामागे काय चालते, हा तिचा विषय. शंभराहून अधिक भाग झाले. सरकार लहरींवर घरघर सोडून प्रक्षेपण बुडवायचा प्रयत्न करी, तरीही लोक रेडिओला कान लावून बसत. आणीबाणीत परदेशी केंद्रावरच्या बातम्या आवाज बारीक करून ऐकणारे वाचक खान्देशात आजही असतील. त्यांना त्या खोलीतली शांतता वेगळी सांगायला नको. १९५५ च्या फेब्रुवारीपासून तर याच मजकुराच्या पुस्तिका बव्हेरियातून फुग्यांना बांधून सोडल्या गेल्या आणि वारा नेईल तेथे पोलंडच्या शेतांत, छपरांवर पडल्या.

या भागांत छळाची आणि बनावट जबाबांची माहिती होतीच. पण सामान्य माणसाच्या जिव्हारी लागली ती वेगळी गोष्ट : नेत्यांचे बंगले, त्यांतले फर्निचर, त्यांच्या भानगडी आणि सर्वसामान्यांना बंद असलेली खास दुकाने. त्या दुकानांना पोलिश लोक 'पिवळ्या पडद्यांमागची दुकाने' म्हणत. बाहेर मांसासाठी रांग लागलेली आणि समतेवर भाषण देणारा पडद्याआड निवांत खरेदी करतो आहे, हे लोकांना माहीत होते. आता ते आतल्या माणसाच्या तोंडून नावनिशीवार ऐकू येत होते. पक्षाचे कार्यकर्तेही ऐकत, कारण आपल्याविषयी कपाटात काय आहे याची धास्ती त्यांनाच अधिक होती.

पुष्टी कोणती, तर सरकारच्याच कृतीची. ऑक्टोबर १९५४ मध्ये हर्मन फिल्ड त्या तळघरातून बाहेर आला, पुढच्याच महिन्यात हंगेरीने नोएलला सोडले. डिसेंबरमध्ये गोमुल्का सुटले. त्याच महिन्यात सुरक्षा मंत्रालयच बरखास्त करून त्याचे दोन तुकडे केले गेले आणि मंत्री स्तानिस्वाफ राद्क्येविच यांना दुसरीकडे हलवले. ऑक्टोबर १९५६ मध्ये तर गोमुल्का पुन्हा पक्षप्रमुख झाले. हे सगळे एकट्या श्व्यात्वोमुळे झाले असे नाही, स्टालिननंतरचा वारा त्या दिशेने वाहूच लागला होता. पण वाऱ्याने कुरकुरणारे दार त्याने सताड उघडले.

पुष्टी न मिळणारा भागही आहे. त्याच्या कथनात मारणारे हात बहुतेक वेळा दुसऱ्या कोणाचे तरी असतात, विशेषतः चौकशी विभागाचा प्रमुख युझेफ रुझान्स्की याचे. स्वतः तो जणू टेबलाच्या एका कडेला बसून पाहत होता. ज्यांनी त्याच्या हातचा मार खाल्ला, त्यांच्या आठवणी तसे सांगत नाहीत. तेव्हा आबांना सांगावे की त्याने सांगितलेले बरेचसे खरे होते, आणि त्याने न सांगितलेलेही तितकेच खरे होते.

प्रश्न : अशा अधिकाऱ्यांना पुढे शिक्षा झाली का? त्यांच्या नोकरीच्या नोंदी आज सामान्य माणसाला पाहता येतात का? मी इतिहास विषय घेऊन पदव्युत्तर शिक्षण घेत आहे.
— एक विद्यार्थिनी, धुळे

उत्तर : मोजक्यांना झाली. नोव्हेंबर १९५७ मध्ये उपमंत्री रोमान रोमकोव्स्की आणि रुझान्स्की यांना प्रत्येकी १५ वर्षे, तर बर्लिनच्या बाजारात एकटे पडलेले फेयगिन यांना १२ वर्षे शिक्षा झाली. १९६४ मध्ये तिघेही बाहेर होते. सुरक्षाखाते नोव्हेंबर १९५६ पासून 'सुरक्षा सेवा' या नव्या नावाने गृहमंत्रालयात नांदू लागले आणि १९९० पर्यंत नांदले.

या उत्तरार्धातला अधिकारी वेगळ्या घडणीचा आहे. ग्झेगोश प्योत्रोव्स्की याचे उदाहरण घ्या : जन्म १९५१, वुज विद्यापीठात गणिताची पदवी, चर्चवर पाळत ठेवणाऱ्या चौथ्या विभागात झपाट्याने चढलेला कॅप्टन. १९ ऑक्टोबर १९८४ रोजी त्याने आणि त्याच्या दोन हाताखालच्यांनी 'सॉलिडॅरिटी' या कामगार चळवळीचे पाठीराखे धर्मगुरू येझी पोप्येवुश्को यांचे अपहरण केले. त्यांचा मृतदेह ३० ऑक्टोबरला व्वोत्स्वावेकच्या जलाशयातून काढला गेला. त्यांच्या चालकाने धावत्या मोटारीतून उडी टाकली नसती, तर प्रकरण उघडकीला यायला किती काळ लागला असता कोण जाणे. तोरुन येथे खटला चालला, आणि फेब्रुवारी १९८५ मध्ये प्योत्रोव्स्की व त्याचा वरिष्ठ आदाम प्येत्रुश्का यांना २५ वर्षांची शिक्षा झाली. प्योत्रोव्स्की २००१ मध्ये सुटला. आदेश आणखी किती वरून आला होता, हा प्रश्न त्या न्यायालयाने मिटवला नाही.

१९९० मध्ये खाते विसर्जित झाले तेव्हा नव्या राज्यात नोकरी हवी असणाऱ्या जुन्या अधिकाऱ्यांची पडताळणी झाली. सुमारे १४ हजार जण समित्यांपुढे आले आणि दहा हजारांहून अधिक पात्र ठरले. बाकीच्यांच्या वाट्याला निवृत्तिवेतन आले, आणि भांडण पुढे त्यावरच पेटले. सेवेच्या प्रत्येक वर्षाला २.६ टक्के या दराने मिळणारे त्यांचे वेतन २००९ च्या कायद्याने १९९० पूर्वीच्या वर्षांसाठी ०.७ टक्क्यावर आणले. जुन्या पद्धतीत सामान्य कामगाराचा दर १.३ टक्के होता हे लक्षात घेतले, म्हणजे कपातीतला उद्देश कळतो. ऑक्टोबर २०१७ पासून आणखी एका कायद्याने कात्री लावली, तीत केवळ कारकुनी केलेलेही सापडले, आणि अनेकांनी न्यायालयात जाऊन आपले वेतन परत मिळवले. माझे मत विचाराल तर सगळ्यांना एकच कात्री लावणे ही पडताळणीच्या कष्टातून काढलेली पळवाट आहे.

नोंदी पाहता येतात. पोलंडने १९९८ च्या कायद्याने राष्ट्रीय स्मृती संस्था स्थापन केली, तिच्याकडे सुरक्षाखात्याचे उरलेले दप्तर आहे. उरलेले म्हणायचे, कारण १९८९-९० मध्ये पुष्कळ कागद जाळले गेले. तिच्या संकेतस्थळावरील सूचीत अधिकाऱ्याचे नाव टाकले की जन्म, नेमणुका, विभाग आणि तारखा समोर येतात. मजकूर पोलिश भाषेत आहे, पण तारखांना भाषा लागत नाही. आपण तेथून सुरुवात करावी, आणि बदल्यांच्या तारखा त्या त्या वर्षातल्या अटकांशी ताडून पाहाव्यात. कोणत्या कामगिरीनंतर बढती मिळाली, हे सूचीत लिहिलेले नसते, पण ताडून पाहिल्यावर दिसू लागते.

प्रश्न : श्व्यात्वो या नावाचा अर्थ काय? ते फ्लाइशफार्बचे भाषांतर आहे का?
— एक वाचक, भुसावळ

उत्तर : भाषांतर नाही. पोलिश भाषेत या शब्दाचा अर्थ 'प्रकाश'. १९४३ मध्ये सोव्हिएत संघात त्याने युस्तिना श्व्यात्वो हिच्याशी लग्न केले आणि तिचे आडनाव घेतले. पुढची दहा वर्षे कागदोपत्री, आणि रेडिओवर तर कायमचे, तेच त्याचे नाव राहिले. अमेरिकेत त्याला नवी ओळख देण्यात आली, तो २ सप्टेंबर १९९४ रोजी तेथेच वारला आणि ही तारीख जगाला २०१० मध्ये कळली. ज्या बाईचे ते आडनाव मुळात होते, ती मुलांसह वॉर्सात राहिली होती. बर्लिनला निघताना त्याने तिला काही सांगितले नव्हते.